मल्याळम कार्टूनमधली प्रेमं, नवरा-बायको आणि 'चेट्टा'

पावसाळी_मंजिरी

बरेच दिवस हा धागा काढायचं मनात होतं, आज लेक झोपलीय म्हणून बसले.

नवरा इरिंजालकुड्याचा (त्रिशूर जिल्हा), मी ठाण्याची. घरात आमची मराठी-हिंदी-इंग्लिशची खिचडी चालते, त्यामुळे सहा वर्षांच्या लेकीच्या कानावर मल्याळम पडायचं तर एकतर अच्छम्मा फोनवर, म्हणजे तिच्या बाबाची आई, नाहीतर मग कार्टून. म्हणून मल्याळम कार्टूनला आमच्याकडे बंदी नाही आणि मी पण शेजारी बसून बघते. माझं अर्धं मल्याळम त्यावरच झालंय.

तर गेल्या आठवड्यात यूट्यूबवर एक गोष्ट लागली होती, नवीन लग्न झालेली मुलगी नवऱ्याला विचारते, "चेट्टा, चोर एडुक्कट्टे?" म्हणजे भात वाढू का. लेकीने घास तोंडात धरूनच मान वळवली आणि म्हणाली, आई, हिने दादाशी लग्न केलं?

तिचं बरोबरच आहे ना. तिच्या चुलतभावाला ती चेट्टन म्हणते. चेट्टन म्हणजे मोठा भाऊ. हाक मारताना चेट्टा. पण मल्याळममध्ये बायको नवऱ्यालाही चेट्टा म्हणते, प्रेमात पडलेली मुलगी मुलालाही चेट्टा म्हणते, रिक्षावाल्यालाही चेट्टाच. मी तिला समजवायला गेले आणि माझंच अडलं, कारण मी नवऱ्याला नावाने हाक मारते आणि सासूबाईंनी लग्नानंतर दोनदा हळूच सुचवलं होतं की चेट्टा म्हण गं, ऐकायला बरं वाटतं. माझ्या तोंडून ते निघेना, मराठी कानाला दादाच ऐकू येतं.

तेव्हापासून मी या कार्टूनमधली नाती जरा नीट बघायला लागले. प्रेम म्हणून जे दाखवतात ते बहुतेक वेळा वाढणं, वाट बघणं आणि भांडणं एवढंच असतं. एकमेकांना आवडतं असं कुणी म्हणतच नाही. आणि मला तरी त्यातलं भांडण सगळ्यात खरं वाटतं. मल्याळम घरात वाढलेले, केरळात राहिलेले, नुसते बघणारे, सगळ्यांनी लिहा प्लीज.

डोंबिवलीचा_नायर

मंजिरीताई, धागा बघून एकदम घरी गेल्यासारखं वाटलं. जन्म डोंबिवलीचा, शाळा मराठी, पण मे महिना आजोळी चेंगन्नूरला.

तिथे 'बालरमा' या मुलांच्या मल्याळम नियतकालिकाचे गठ्ठे असायचे. मायावी वाचला नाही असा आमच्या पिढीचा मल्याळी पोरगा सापडणार नाही. १९८४ पासून चालू आहे तो, नंतर त्याच्या अ‍ॅनिमेशनच्या सीड्या आल्या त्या माझ्या भाच्यांनी झिजवल्या. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, मायावी म्हणजे छोटा चांगला कुट्टिच्चात्तन (लोककथांतलं खोडकर भूत), राजू आणि राधाचा मित्र. आणि समोर कुट्टूसन नावाचा मांत्रिक, डाकिनी नावाची चेटकीण आणि लाल रंगाचा लुट्टाप्पी, जो भाल्यावर बसून उडतो.

आता नात्याचं म्हणाल तर माझ्या मते मल्याळम कार्टूनमधलं सगळ्यात जिवंत जोडपं कुट्टूसन आणि डाकिनी. नवरा-बायको म्हणून कुठे सांगितलेलं नाही, प्रेमाचा एक शब्द नाही, पण एकाच ठिकाणी राहतात, एकत्र कट करतात, कट फसला की एकमेकांवर खेकसतात, आणि पुढच्या अंकात परत एकत्रच. लुट्टाप्पी त्यांच्या मधे नातवासारखा, दोघांकडून बोलणी खाणारा. लहानपणी मला ते तिघं म्हणजे आमचे अप्पूप्पन, अम्मूम्मा (आजोबा-आजी) आणि मीच वाटायचो. आणि गंमत बघा, राजू-राधाच्या घरापेक्षा मला त्या तिघांचं घर जास्त लक्षात आहे.

२०१९ ला अशी हवा उठली की नवीन खलनायक आणून लुट्टाप्पीला काढणार, तेव्हा केरळात सोशल मीडियावर लुट्टाप्पी वाचवा म्हणून केवढी मोहीम झाली, शेवटी बालरमाला सांगावं लागलं की तो कुठे जात नाही. मोठी माणसं, नोकरीधंद्यातली, त्या पोस्टी टाकत होती. मी पण टाकली.

रेघोट्या

नायर, एक भर घालतो. मायावीची सुरुवातीची चित्रं प्रदीप साठ्यांनी काढली, टिंकलमधला कालिया कावळा ज्यांनी काढला तेच. म्हणजे केरळच्या दोन पिढ्यांनी ज्या डाकिनीला घाबरत घाबरत जीव लावला ती एका साठ्यांच्या हातची. पुढे एम. मोहनदास यांनी काढायला घेतलं. मला हे फार भारी वाटतं, आपल्याकडे कुणाला माहीतच नसतं.

पावसाळी_मंजिरी

अय्यो खरंच? मला अजिबात माहीत नव्हतं. नवऱ्याला आत्ताच सांगितलं, तो म्हणे डाकिनी मराठी आहे तर मग बरोबर :)

डोंबिवलीचा_नायर

भांडणाचं निघालंच आहे तर व्यंगचित्रकार टॉम्सची 'बोबनुम मोळियुम' ही चित्रमालिका कशी विसरणार. 'मनोरमा' साप्ताहिकाच्या शेवटच्या पानावर यायची, आणि लोक ते साप्ताहिक मागून वाचायला घ्यायचे हे अक्षरशः खरं आहे, आमच्या आजीला मी तसंच वाचताना बघितलंय, चष्मा लावायच्या आधी अंक उलटा. बोबन आणि मोळी ही जुळी भावंडं, कुट्टनाडात टॉम्सच्या शेजारी राहणाऱ्या दोन मुलांवरून काढलेली. पुढे अ‍ॅनिमेशनमध्येही आली.

त्यात पंचायतीचा प्रेसिडेंट इट्टुण्णन चेट्टन आणि त्याची बायको, तिला नुसतंच चेट्टत्ती म्हणतात. बाहेर हा गावाचा पुढारी, भाषणं, धोतर सावरत चालणं, आणि घराच्या उंबऱ्यावर आला की चेट्टत्तीसमोर आवाज बसलेला. ती अंगाने पण त्याच्या दुप्पट काढलेली. आणि दुसरीकडे अप्पी हिप्पी, लांब केस, हातात गिटार, सतत कुठल्यातरी मुलीच्या मागे. सत्तरच्या दशकातला तो प्रेमवीर, आणि त्याचं कधीच काही जमत नाही. म्हणजे उघड प्रेम करणारा तो हसण्यासाठी, आणि खरा संसार करणारे ते दोघं भांडणारे. टॉम्सने हे इतकी वर्षं धरून ठेवलं.

मंजिरीताईंचं भांडण सगळ्यात खरं वाटतं हे वाक्य वाचून मला तेच आठवलं.

शब्दवेल्हाळ

धागा सुंदर चाललाय. चेट्टा विषयी थोडं लिहिते, माझा आवडता विषय आहे.

मंजिरी, दादा ऐकू येतं म्हणून अवघडू नकोस, मल्याळममध्ये वयाने मोठ्या पुरुषाला आदराने आणि आपुलकीने हाक मारायची ती वाट आहे, नातं त्या शब्दात नसतं, सुरात असतं. भावाला मारलेली चेट्टा हाक आणि नवऱ्याला मारलेली, दोन्ही एकदा डोळे मिटून ऐक, दुसरीत शेवटचा आ लांबतो. उत्तरेकडे मलबारात एट्टा म्हणतील, मुसलमान घरात इक्का, कोट्टायमकडच्या ख्रिश्चन घरात इच्चाया. कार्टूनवाल्यांना सगळ्या केरळात चालणारा एक शब्द हवा असतो म्हणून चेट्टा. आपल्या अहोचं तरी काय, तो तर शब्द सुद्धा नाही, नुसती हाक आहे, आणि त्या दोन अक्षरांत आपल्या आज्यांनी राग, लाड, काळजी सगळं बसवलं.

आता यूट्यूबच्या कार्टूनमधल्या सासू-सुनेचं. मल्याळममध्ये सून म्हणजे मरुमकळ. पण बाईच्या भावाची किंवा पुरुषाच्या बहिणीची मुलगी, म्हणजे भाची, तिलाही मरुमकळच. जावई मरुमकन, आणि भाचाही मरुमकन. कारण मामे-आते भावंडांची लग्नं व्हायची, भाचीच सून होऊन यायची. मुरप्पेण्ण हा शब्द सिनेमामुळे काहींना माहीत असेल, म्हणजे जिच्यावर लग्नासाठी आपला हक्क समजला जायचा ती मामाची किंवा आत्याची मुलगी. हे मराठी माणसाला परकं वाटायचं कारणच नाही. आपण सासऱ्यांना मामंजी का म्हणायचो आणि सासूला आत्याबाई का? त्याच कारणाने.

मला त्या सासू-सून कार्टूनांचा राग येतो तो इथे. त्यात सून एक गाठोडं घेऊन दारात उभी असते आणि सासू कंबरेवर हात ठेवून. केरळच्या कितीतरी घरांत, नायर तरवाड (आईच्या वंशाने चालणारं एकत्र घर) घ्या, शतकानुशतकं बाई लग्नानंतर आईच्याच घरी राहायची, घर बाईच्या बाजूने चालायचं, कारभार मामाचा. एकत्र कुटुंब पद्धत कायद्याने मोडली ती १९७५ च्या कायद्याने, म्हणजे आपल्या आयांच्या हयातीत. नंबूदिरी आणि सिरियन ख्रिश्चन घरांत सून नांदायला यायची हे मान्य, पण मग त्यांच्या घरातली सासू दाखवा ना, ख्रिश्चन घरातली आजी, अम्माच्ची दाखवा, मुंडू नेसलेली, पाठीमागे पंख्यासारख्या निऱ्या काढलेली. ही कार्टूनमधली सासू कुठल्याच गावची नसते.

रेघोट्या

कुठल्याच गावची नसते याचं कारण मी सांगतो, कारण मी तो कारखाना आतून बघितलाय. काही वर्षं तिरुवनंतपुरमला अ‍ॅनिमेशनमध्ये होतो. टेक्नोपार्कमध्ये टून्झ ही अ‍ॅनिमेशन कंपनी १९९९ ला सुरू झाली, २००३ ला त्यांचा तेनाली रामन कार्टून नेटवर्कवर आला, तेव्हा त्या गावात चित्र काढता येणाऱ्या प्रत्येक पोराला वाटायचं आता आपलं झालं. मी एका लहान स्टुडिओत होतो, नाव नको.

यूट्यूबच्या या गोष्टी बनतात त्या अशा. एक सासू, एक सून, एक नवरा, एक सावकार, एक झोपडी, एक बंगला, हे एकदा काढून ठेवायचं. मग साडीचा रंग बदलायचा, कुंकू काढायचं किंवा लावायचं. त्याच चित्रांवर तेलुगू आवाज, तमिळ आवाज, मल्याळम, हिंदी, आणि हो, मराठी पण. तोंडाच्या हालचाली सात-आठच ठरलेल्या, त्या कुठल्याही भाषेवर बसवतात. म्हणून मल्याळम गोष्टीत नवरी लाल साडी नेसून अग्नीभोवती फिरताना दिसेल, सोनेरी काठाची कसवु साडी नाही, नवऱ्याने नवरीला पुडवा म्हणजे वस्त्र देणं नाही, काही नाही. शब्दवेल्हाळताईंची मुंडूवाली अम्माच्ची पाहिजे तर ती पहिल्यापासून काढावी लागेल, आणि ती तेलुगू गोष्टीत परत वापरता येणार नाही. तिथेच ती मरते.

आणि प्रेम का दिसत नाही याचंही एक साधं कारण. ही पात्रं कापलेल्या कागदी बाहुलीसारखी असतात. डोकं वेगळं, धड वेगळं, दंड, हात, पंजा सगळे तुकडे, एकावर एक ठेवलेले. दोघं शेजारी उभे राहून बोलत असतील तर काम सोपं, तोंड हलवा, पापणी मिटवा, झालं. पण त्याने तिला जवळ घ्यायचं म्हटलं की त्याचा एक हात तिच्या पाठीमागे गेला पाहिजे, दुसरा पुढे, तिचं डोकं त्याच्या खांद्याच्या वर पण हनुवटीच्या खाली, बोटं तिच्या पदरावर दबलेली दिसली पाहिजेत. म्हणजे सगळ्या तुकड्यांचा क्रम मोडतो आणि पंजे नव्याने काढावे लागतात. अर्ध्या मिनिटाच्या मिठीला दोन दिवस. आठवड्याला अमुक इतकी मिनिटं द्यायचीच असं असताना कोण देणार दोन दिवस. मग काय करायचं, तिने ताट वाढायचं, त्याने जेवायचं, कॅमेरा खिडकीतून चंद्रावर.

मी एकदा हट्टाने केली होती. एका म्हाताऱ्या जोडप्याची गोष्ट होती, मुलगा गल्फला, पत्र येत नाही. म्हातारी रडते तिथे लिहिलं होतं म्हातारा समजावतो. मी घरी बसून रात्री त्याचा हात तिच्या डोक्यावर ठेवून केसांवरून खाली येतो एवढं केलं, पंजाची पाच चित्रं. बघताना कुणी काही बोललं नाही, पण आवाज देणाऱ्या बाई डबिंगला ते बघून थांबल्या आणि वाक्य हळू म्हणाल्या, आधी ठरलेलं त्यापेक्षा कितीतरी हळू. मला अजून तो टेक ऐकू येतो.

पावसाळी_मंजिरी

रेघोट्या, हे वाचून डोळ्यात पाणी आलं. म्हणजे तो भात वाढण्याचा सीन मी संस्कृती म्हणून वाचत होते आणि तो अर्धा तुकड्यांचा क्रम होता. पण मला वाटतं दोन्ही खरंच आहे. आमच्या घरी सासरे गेली चाळीस वर्षं सासूबाईंना कधी काही बोलले असतील असं वाटत नाही पण त्या जेवायला बसल्याशिवाय ते हात धुवायला उठत नाहीत. कॅमेरा तिथे पण चंद्रावरच न्यावा लागेल.

सुमन_का

मला थोडं वेगळं म्हणायचंय, रागावू नका. या सासू-सून कार्टूनना सगळे नावं ठेवतायत पण ती बघतं कोण? मुलं नाही हो. आमच्या मजल्यावर एक मल्याळी काकू आहेत, नर्स होत्या, रिटायर झाल्या, त्या दुपारी बघतात. मी मराठीतलं बघते. एकदा दोघींच्या लक्षात आलं की एकच गोष्ट आहे, तेच घर तोच पिवळा दरवाजा, नुसती भाषा वेगळी. मग आम्ही एकत्र बघायला लागलो, त्या मल्याळम लावतात आणि मला चित्रावरून कळतंच.

आणि मग त्या बोलायला लागल्या. बघता बघता. त्यांना लग्नानंतर आठ महिन्यात नोकरीला बाहेरच्या देशात जावं लागलं, नवरा गावी, सासूकडे लहान मूल ठेवलेलं, दोन दोन वर्षं भेट नाही, कॅसेटवर आवाज रेकॉर्ड करून पाठवायचे एकमेकांना. हे त्यांनी मला त्या वाईट कार्टूनमधली सासू बाळाला घेऊन बसलेली बघून सांगितलं. चौदा वर्षं शेजारी आहोत, आधी कधी निघालं नव्हतं. चित्र कसं का असेना, त्यावरून आमचं बोलणं सुरू झालं ना.

शब्दवेल्हाळ

सुमनकाकू, अजिबात राग नाही, उलट तुम्ही जे सांगितलंत ते मी विचारातच घेतलं नव्हतं. कॅसेटवरचा आवाज, बापरे. केरळच्या किती घरांत हे घडलंय, आणि हीच गोष्ट कुणी कार्टूनमध्ये का करत नाही मला कळत नाही. गल्फला गेलेला नवरा किंवा बाहेर गेलेली नर्स बायको आणि मधे एक टेपरेकॉर्डर, याहून मल्याळी प्रेमकथा कुठली. आणि रेघोट्यांच्या हिशोबाने स्वस्त पण पडेल, दोघं एका चित्रात यायचीच नाहीत.

तरी माझा राग थोडा शिल्लक आहे हं. काकूंना आणि तुम्हाला आयुष्य माहीत आहे म्हणून तुम्ही त्यात आपलं भरता. मंजिरीच्या लेकीला फक्त कंबरेवर हात ठेवलेली बाई दिसते.

सातवीण

पहिल्यांदाच लिहितेय इथे. यक्षी राहिली की सगळ्यांची.

मल्याळम कार्टूनमधे उघड शृंगार कुठे असेल तर तो यक्षीचा. पांढरी साडी, मोकळे केस, रात्री वाटेत उभी, आणि जाणाऱ्याला विचारते विड्याला जरा चुना आहे का. तो चुना देतो आणि संपला. कोट्टारत्तिल शंकुण्णींच्या 'ऐतिह्यमाला' या दंतकथासंग्रहातल्या गोष्टी, मंत्रविद्या जाणणारा पाद्री कडमट्टत्त कत्तनार, कळ्ळियंकाट्टु नीली ही यक्षी, यांच्यावरची कितीतरी अ‍ॅनिमेशन यूट्यूबवर आहेत. माझा नवरा कोल्लमचा, तो आठ वर्षांचा असताना त्याला आजीने सांगितलेलं की पालाच्या झाडावर यक्षी असते, त्याखालून रात्री जायचं नाही.

लग्नानंतर पहिल्या ऑक्टोबरात आम्ही पुण्यात रात्री चालत होतो आणि सगळ्या रस्त्यावर तो उग्र गोड वास, आणि हा एकदम माझा हात घट्ट धरून म्हणाला, हा पाला आहे. म्हणजे आपली सातवीण, सप्तपर्णी. पुण्यात रस्त्याच्या कडेला रांगच्या रांग. त्याला इतक्या यक्षी एका रस्त्यावर बघायची सवय नव्हती. आम्ही तेव्हापासून दर वर्षी त्या दिवसांत चालायला जातो आणि मी त्याला चुना मागते.

मला एवढंच म्हणायचंय की यक्षीच्या गोष्टीत बाईला काहीतरी हवं असतं आणि ती ते तोंडाने मागते. बाकी सगळ्या कार्टूनमध्ये ती वाढते. मागणाऱ्या बाईला भूत करून टाकलंय याचं मला वाईट वाटतं, पण ती आहे तरी.

डोंबिवलीचा_नायर

सातवीणताई, काय लिहिलंत. भुतांचं निघालं म्हणून सांगतो, 'कंडिट्टुंड' नावाची मल्याळम अ‍ॅनिमेशन फिल्म मिळाली तर जरूर बघा. अदिती कृष्णदास यांनी केलीय, मुंबईच्या स्टुडिओ इक्सॉरसमध्ये झाली, २०२१ चं राष्ट्रीय पारितोषिक आहे तिला. एक म्हातारे गृहस्थ आपण बघितलेली भुतं सांगतात, बस. रोमान्स नाही त्यात. पण त्यांचा आवाज, त्यांचं ते कंडिट्टुंड म्हणजे बघितलंय मी असं ठासून म्हणणं, आणि ऐकणाऱ्याने ते मनापासून ऐकणं, ते पण नातंच आहे. चित्रं काळी-पांढरी, आणि कुठल्या गावची आहेत ते पहिल्या मिनिटात कळतं.

रेघोट्या

+१. ती फिल्म बघून मी परत पेन्सिल हातात घेतली.

पावसाळी_मंजिरी

सगळ्यांचे प्रतिसाद नवऱ्याला वाचून दाखवतेय, तो मधेमधे थांबवून आपल्या गोष्टी सांगतो, म्हणून उशीर होतोय.

कालचं सांगते. नायरांनी लिहिल्यापासून मी सासूबाईंना म्हटलं होतं की यूट्यूब नको, तुम्हीच व्हिडिओ कॉलवर मायावी वाचून दाखवा. त्यांच्याकडे जुने बालरमा माळ्यावर होते, नवऱ्याच्या लहानपणचे, त्याने कडेला बॉलपेनने नाव लिहिलेले. काल रात्री वाचायला बसल्या. राजू-राधाचं नेहमीच्या आवाजात, आणि डाकिनीचं आलं तसा त्यांनी जो आवाज लावला, मी स्वयंपाकघरातून धावत आले. सात वर्षांत मी त्यांचा तो आवाज ऐकला नव्हता.

डाकिनी कुट्टूसनला काहीतरी फडाफडा बोलते असं पान होतं. त्या बोलल्या आणि पुढची ओळ वाचायला श्वास घेतला, तेवढ्यात मागून, बाहेरच्या खोलीतून, सासऱ्यांनी कुट्टूसनचं उत्तर दिलं. पुस्तक समोर नाही, पाठ होतं. मुलाला वाचून दाखवत होते तेव्हाचं. सासूबाईंनी मागे वळूनही बघितलं नाही, पुढचं डाकिनीचं वाक्य म्हटलं, परत बाहेरून उत्तर. असं पानभर चाललं.

लेक फोनला नाक लावून बसली होती. संपल्यावर विचारलं, अच्छम्मा, तू अच्छाच्छनला काय हाक मारतेस? त्या म्हणाल्या, हाक कशाला मारायची, ते ऐकतातच.

डोंबिवलीचा_नायर

ताई, कुठला अंक होता तो? माझ्याकडे असेल तर आज काढतो.